विवक्षा आणि यंत्र : व्याकरणाच्या संगणकीय विवेचनाची चिकित्सा

१

महाभाष्याच्या पहिल्याच आह्निकात पतंजलीने एक कथा दिली आहे. बृहस्पतीने इंद्राला एक सहस्र दिव्य वर्षे एकेका शब्दाचा पाठ सांगितला. सांगणारा बृहस्पती, ऐकणारा इंद्र आणि काळ दिव्य वर्षांनी मोजलेला. तरीही शब्दांचा अंत लागला नाही. मग शंभर वर्षांच्या आयुष्याचा माणूस या मार्गाने कोठवर जाणार? पतंजलीने यावरून काढलेला निष्कर्ष प्रसिद्ध आहे. शब्द एकेक करून पाठ करणे हा शब्दज्ञानाचा उपाय नव्हे. थोडे सामान्य नियम आणि त्यांचे थोडे अपवाद, म्हणजेच उत्सर्ग आणि अपवाद, हाच तो उपाय होय. भारतीय व्याकरणविचाराची इमारत या निष्कर्षावर उभी राहिली.

गेल्या तीस-पस्तीस वर्षांत या निष्कर्षापुढे एक अनपेक्षित प्रतिपक्षी उभा राहिला आहे. संगणकाला शंभर वर्षांच्या आयुष्याची अडचण नाही. कोट्यवधी वाक्ये त्याच्यापुढे ठेवता येतात, आणि त्या वाक्यांतून कोणता शब्द कोणत्या शब्दाच्या संगतीने येतो याचा हिशेब तो स्वतःच मांडतो. या हिशेबावर चालणारी यंत्रे आज भाषांतर करतात, प्रश्नांना उत्तरे देतात आणि बहुधा शुद्ध वाक्ये रचतात. त्यांना कोणी सूत्र शिकविलेले नसते. तेव्हा बृहस्पतीचा सोडून दिलेला मार्गच अखेर फलदायी ठरला काय, आणि तसे असेल तर व्याकरणाचे प्रयोजन कोणते उरले, हा प्रश्न टाळता येण्यासारखा नाही.

या प्रश्नाची दोन उत्तरे आपल्याकडे वारंवार ऐकू येतात. पहिले अभिमानाचे : संस्कृत ही संगणकाला सर्वांत योग्य अशी भाषा होय आणि पाणिनी हा संगणकशास्त्राचा आद्य प्रवर्तक होय. दुसरे उपेक्षेचे : नियमांचे युग संपले, पुरेसा मजकूर आणि पुरेसे यंत्रबळ असले की व्याकरणाची गरज नाही. ही उत्तरे परस्परविरुद्ध दिसतात. परंतु दोहोंच्या मुळाशी एकच उणीव आहे. व्याकरण नेमके कोणते कार्य करते, याची विचारपूस दोघांनीही केलेली नाही.

२

अभिमानाच्या उत्तराला काहीच आधार नाही असे मात्र म्हणता येणार नाही. १९५९-६० च्या सुमारास ‘अल्गोल’ या संगणकभाषेची रचना नियमबद्ध रीतीने सांगण्यासाठी जॉन बॅकस यांनी एक लेखनपद्धती प्रचारात आणली. १९६७ साली पी. झेड. इंगर्मन यांनी एका पत्राद्वारे अशी सूचना केली की, या पद्धतीशी तुल्य अशी योजना पाणिनीने फार पूर्वी केलेली असल्याने तिच्या नावात पाणिनीचेही नाव असावे. तत्पूर्वी, १९५७ साली, नोम चॉम्स्की यांनी भाषेचे व्याकरण म्हणजे त्या भाषेतील सर्व शुद्ध वाक्ये निर्माण करू शकणारी नियमव्यवस्था, ही कल्पना मांडली होती. अशा व्यवस्थेचे जगातील सर्वांत विस्तृत प्राचीन उदाहरण अष्टाध्यायी हेच आहे, हे पाश्चात्त्य भाषाशास्त्रज्ञांनीही मान्य केले.

साम्य खरे आहे. पण ते कोठे आहे आणि कोठे नाही हे नीट पाहिले पाहिजे. सुमारे चार हजार सूत्रांच्या या ग्रंथात पाणिनीने स्वतःची एक पारिभाषिक भाषा घडविली. चौदा शिवसूत्रांतील वर्णक्रमावरून प्रत्याहार सिद्ध करून त्याने वर्णांचे समूह दोन अक्षरांत सांगितले. एका सूत्रातील पद पुढील सूत्रांत अनुवृत्तीने चालविले. सर्वांत सूक्ष्म योजना विभक्तींची. ज्याच्या जागी आदेश व्हावयाचा त्याला षष्ठी, जो आदेश त्याला प्रथमा, ज्याच्या पूर्वी कार्य व्हावयाचे त्याला सप्तमी आणि ज्याच्या पुढे व्हावयाचे त्याला पंचमी, असा संकेत त्याने ठरविला. नित्याच्या भाषेतील विभक्तींनाच गणिती चिन्हांचे काम दिले गेले. येथे एक गोष्ट बहुधा दुर्लक्षित राहते. बॅकस यांच्या पद्धतीत आजूबाजूच्या संदर्भाला स्थान नाही; पाणिनीच्या सूत्रात पूर्व आणि पर संदर्भ हाच प्राण आहे. म्हणजे दोन्ही योजना एक नव्हेत. पाणिनीची अधिक समर्थ आहे. केवळ गौरव करणाऱ्यांनी हा भेद पुसून टाकला आणि त्यामुळे गौरवाचे खरे कारणच हरवले.

तथापि सूत्रपाठ म्हणजे संगणकाची आज्ञावली नव्हे. आज्ञावली चालविणारे यंत्र तिच्याबाहेरचे काही जाणत नाही. सूत्रपाठ मात्र संस्कृत जाणणाऱ्या शिष्यासाठी आहे. अनुवृत्ती कोठवर चालवावयाची हे पुष्कळदा वृत्तीवरून आणि भाष्यावरूनच कळते. दोन सूत्रे एकाच वेळी लागू पडली तर कोणते प्रबल, हा प्रश्न तर परंपरेतच अखंड चालत आला आहे. पहिल्या अध्यायाच्या चौथ्या पादातील दुसरे सूत्र अशा प्रसंगी ‘पर’ कार्य करावे असे सांगते. परंपरेने ‘पर’ म्हणजे सूत्रक्रमाने नंतरचे असा अर्थ घेतला; पण तेवढ्याने सर्व रूपे साधत नाहीत म्हणून नित्य, अंतरंग, अपवाद इत्यादींच्या बलाबलाच्या परिभाषा निर्माण कराव्या लागल्या. केंब्रिज विद्यापीठातील ऋषी राजपोपट यांचा प्रबंध २०२२ च्या अखेरीस बराच गाजला, तो याच सूत्रामुळे. दोन नियम जेव्हा शब्दाच्या दोन निरनिराळ्या भागांना लागू पडतात तेव्हा ‘पर’ म्हणजे उजवीकडील भागाला लागणारा नियम, असा अर्थ त्यांनी सुचविला. ही उपपत्ती सर्वमान्य झालेली नाही. अनेक वैयाकरणांनी तिच्यावर आक्षेप घेतले आहेत. परंतु दोन सहस्रकांनंतरही ज्या ग्रंथाच्या एका मूलभूत सूत्राच्या अर्थाविषयी गंभीर वाद संभवतो, तो ग्रंथ यंत्रात जसाच्या तसा घातला की चालू होईल, या समजुतीला या वादाने पुरेसे उत्तर दिले आहे.

प्रत्यक्ष कामाचा अनुभवही तसाच आहे. फ्रान्समध्ये झेरार ह्यूए यांनी आणि हैदराबाद येथे अंबा कुलकर्णी यांनी संस्कृत वाक्यांच्या विश्लेषणाची जी साधने उभी केली, ती आज अभ्यासकांच्या नित्य उपयोगाची झाली आहेत. संधी सोडविणे, पद ओळखणे, कारकसंबंध लावणे ही कामे ती करतात. पण ह्यूए यांचे यंत्र सूत्रे उलट दिशेने चालवीत नाही. कोशातील शब्दांची रूपे आधी सिद्ध करून ठेवावयाची आणि संधियुक्त मजकुराचा छेद त्या रूपांच्या साहाय्याने शोधावयाचा, अशी त्याची रीत आहे. पाणिनीविषयी यातून अनादर प्रकट होत नाही. पाणिनीचे प्रयोजन वेगळे होते एवढेच सिद्ध होते.

३

ते प्रयोजन ‘विवक्षा’ या एका शब्दात सामावलेले आहे. वक्त्याला काहीतरी सांगावयाचे असते. त्या अभिप्रायापासून निघून अष्टाध्यायी कारक, विभक्ती, प्रत्यय आणि वर्णकार्ये या क्रमाने उच्चारित पदापर्यंत पोचते. संगणकाला नेमून दिलेले काम याच्या उलट आहे. त्याच्यापुढे पद असते आणि त्याला अभिप्राय शोधावयाचा असतो. डोंगरमाथ्यावरून निघालेले पाणी पायथ्याशी कोणत्या वाटेने पोचेल हे सांगणे आणि पायथ्याच्या ओलीवरून ते कोणत्या माथ्यावरून आले हे ठरविणे, या दोहोंत जे अंतर आहे तेच येथे आहे.

कारकविचारात हे अंतर विशेष स्पष्ट होते. कर्ता म्हणजे क्रिया करणारी व्यक्ती, ही शालेय व्याख्या पाणिनीची नव्हे. क्रियेच्या संदर्भात जो स्वतंत्र म्हणून विवक्षित असतो तो कर्ता. म्हणून ‘तो सुरीने भाजी कापतो’ यात सुरी करण आहे. परंतु ‘ही सुरी चांगली कापते’ असे म्हणताच तीच सुरी कर्ता होते. वस्तुस्थिती बदललेली नाही. बदलली ती वक्त्याची दृष्टी. कारक हे जगातील वस्तूंमध्ये नसून जगाकडे पाहण्याच्या रीतीत आहे, हा भारतीय व्याकरणाचा अत्यंत मौलिक सिद्धांत होय. साहित्याच्या अभ्यासकाला त्याचे महत्त्व निराळे सांगावयास नको. कादंबरीकार पुरात वाहून गेलेल्या घराविषयी ‘नदीने घर नेले’ असे लिहितो की ‘घर वाहून गेले’ असे लिहितो, यात घटनेविषयीची त्याची सारी भूमिका दडलेली असते.

संस्कृत आणि संगणक यांच्या नात्याविषयीची जी कीर्ती पसरली तिचा उगमही येथेच आहे. १९८५ साली रिक ब्रिग्ज यांनी एका अमेरिकन नियतकालिकात लेख लिहिला. अमेरिकेच्या अवकाशसंस्थेशी त्यांचा संबंध होता; तेवढ्यावरून ‘त्या संस्थेने संस्कृतला संगणकाची भाषा म्हणून मान्यता दिली’ अशी वार्ता वर्षानुवर्षे फिरत राहिली. लेखाचा विषय याहून पुष्कळ मर्यादित आणि पुष्कळ मनोज्ञ आहे. वाक्याचा अर्थ संबंधांच्या जाळ्याच्या रूपाने यंत्रात मांडण्याची पद्धती त्या काळी रूढ होत होती. तिची तुलना ब्रिग्ज यांनी शाब्दबोधाच्या शास्त्रीय पद्धतीशी केली, आणि त्यासाठी आधार घेतला तो नागेशभट्टाच्या मंजूषेचा. काळे आडनावाच्या महाराष्ट्रीय कुळातील हा अठराव्या शतकातील वैयाकरण काशीत राहून लिहीत होता. ब्रिग्ज यांना जी भाषा यंत्राला अनुकूल वाटली ती कालिदासाचीही नव्हे आणि व्यवहारातलीही नव्हे. ती शास्त्रकारांनी संदिग्धता टाळण्यासाठी बुद्धिपुरस्सर घडविलेली पारिभाषिक शैली होय. अशी शैली घडविणे हा शास्त्रकारांचा पराक्रम आहे; एखाद्या भाषेचा जन्मसिद्ध गुण नव्हे.

शिवाय शाब्दबोधाविषयी आपल्या शास्त्रांतच एकमत नव्हते, ही गोष्ट अभिमानाच्या भरात विसरली जाते. ‘चैत्र भात शिजवतो’ या वाक्याचा अर्थ वैयाकरण क्रियेभोवती रचतो : शिजविण्याचा एक व्यापार, ज्याचा आश्रय चैत्र आहे आणि ज्याचे फळ भाताच्या ठायी आहे. नैयायिक प्रथमान्त पदाला मुख्य मानतो : शिजविण्याला अनुकूल अशी कृती ज्याच्या ठायी आहे असा चैत्र. मीमांसक भावनेला प्राधान्य देतो. आज निरनिराळ्या भाषांतील वाक्यांचे संबंधवृक्ष तयार करताना वृक्षाचे मूळ कोठे धरावे हा प्रश्न पडतो, आणि ‘युनिव्हर्सल डिपेन्डन्सीज’ या नावाच्या प्रचलित पद्धतीत ते मूळ विधेयाच्या ठिकाणी धरले जाते. काशीच्या पंडितसभांत गाजलेला वाद येथे अजाणता वैयाकरणांच्या बाजूने निकालात काढला गेला आहे. प्रतिपक्षाचे म्हणणे ऐकून मग हा निर्णय झाला असता तर तो अधिक सकस झाला असता. भारतीय शास्त्रांकडून संगणकविद्येला घेण्यासारखे काही असेल तर ते हे वाद आहेत, प्रमाणपत्रे नव्हेत.

४

मराठीच्या बाबतीत हा प्रश्न किती निकडीचा आहे हे एका साध्या वाक्यावरून दिसेल. ‘पोथी वाचली.’ हे वाक्य यंत्रापुढे ठेवले तर त्याने त्याचा अर्थ काय लावावा? ‘एका रात्रीत पोथी वाचली’ म्हटले तर कोणीतरी तिचे वाचन केले. ‘पुरातून पोथी वाचली’ म्हटले तर ती बचावली. पहिल्या अर्थी धातू सकर्मक, प्रयोग कर्मणी, आणि क्रियापदाचे स्त्रीलिंगी रूप कर्माला अनुसरून. दुसऱ्या अर्थी धातू अकर्मक, प्रयोग कर्तरी, आणि तेच स्त्रीलिंगी रूप कर्त्याला अनुसरून. वर्तमानकाळात कर्ता पुल्लिंगी असेल तर हा गोंधळ संभवत नाही. ‘तो पोथी वाचतो’ आणि ‘पोथी वाचते’ यांची रूपे वेगळी आहेत. भूतकाळात मराठीने सकर्मक क्रियापदाचा अन्वय कर्माकडे वळविला आणि दोन्ही वाटा एकाच दारापाशी येऊन मिळाल्या. कर्ता अध्याहृत ठेवण्याची मराठीची सवय या संदिग्धतेत भर घालते. माणसाला ती जाणवतही नाही, कारण पूर आणि पोथी यांची योग्यता त्याला ठाऊक असते. आकांक्षा, योग्यता आणि संनिधी या तिहींवाचून वाक्यार्थ होत नाही असे शास्त्रकारांनी म्हटले. यंत्राला त्यांपैकी संनिधी आयती मिळते, आकांक्षा शिकविता येते, आणि योग्यतेपाशी मात्र ते अडते.

या ठिकाणी ‘अक्षर भारती’ या सामूहिक नावाने काम करणाऱ्या मंडळींचा प्रयत्न मोलाचा आहे. विनीत चैतन्य आणि राजीव संगल यांच्यासह या गटाने १९९५ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात पाणिनीय दृष्टीने आधुनिक भारतीय भाषांचे संगणकीय व्याकरण मांडले. प्रत्येक धातूसाठी कोणते कारक कोणत्या विभक्तीने प्रकट होते याचा एक मूळ तक्ता. आणि काळ, अर्थ, प्रयोग दाखविणाऱ्या प्रत्ययानुसार त्या तक्त्यात होणारे ठरावीक फेरफार, अशी त्यांची योजना आहे. ‘राम आंबा खातो’ आणि ‘रामाने आंबा खाल्ला’ यांतील रामाचे कर्तृत्व एकच राहते. विभक्ती बदलते ती क्रियापदाच्या प्रत्ययामुळे. १९११ साली प्रसिद्ध झालेल्या मोरो केशव दामले यांच्या ‘शास्त्रीय मराठी व्याकरणा’त आणि नंतरच्या वादांत प्रयोगविचाराने जी जागा अडविली आहे, तिच्यातील बरीचशी गुंतागुंत या योजनेत सुटसुटीत होते. यंत्राला शिकविण्याच्या निमित्ताने मराठी व्याकरणाचा एक जुना प्रश्न नव्या शिस्तीने मांडला गेला, हा लाभ लहान नव्हे.

मात्र योजनेच्या मर्यादाही तितक्याच बोधप्रद आहेत. ‘मला आंबा आवडतो’ या वाक्यात कर्ता कोण? क्रियापद आंब्याला अनुसरते. अनुभव मात्र ‘मला’ या पदाकडे आहे. ‘मला ताप आला’, ‘त्याला घर आठवले’, ‘तिला गावी जायचे आहे’ ही वाक्ये त्याच जातीची. मराठी माणूस आवड, आठवण, आजार आणि कर्तव्य या गोष्टी आपण करतो असे म्हणत नाही. त्या आपल्याला होतात असे म्हणतो. संस्कृत व्याकरणाचा साचा किंवा इंग्रजी व्याकरणाचा साचा, दोन्ही येथे अपुरे पडतात. यंत्राला कोष्टकात काहीतरी भरावेच लागते. आणि त्या सक्तीमुळेच वैयाकरणाची टाळाटाळ उघडी पडते.

शब्दाच्या घटनेतही असाच अनुभव येतो. हिंदीत विभक्तिचिन्ह नामापासून तोडून लिहितात. मराठीत प्रत्यय आणि शब्दयोगी अव्यय सामान्यरूपाला चिकटतात. ‘घरासमोरच्यांनीही’ हे छापील दृष्टीने एक पद आहे. पण त्यात घर, त्याचे सामान्यरूप, ‘समोर’, ‘चा’चे पुन्हा सामान्यरूप, ‘नी’ आणि ‘ही’ अशी साखळी आहे. एकेका नामाची अशी शेकडो रूपे संभवतात आणि त्यांतील बहुतेक कोणत्याही मोठ्या संग्रहातसुद्धा एखाददुसऱ्यांदाच आढळतील. बृहस्पतीच्या मार्गाची अडचण मराठीत अशी पहिल्याच पदापाशी सुरू होते.

५

आता उपेक्षेच्या उत्तराकडे वळता येईल. नियमांवर चालणाऱ्या यंत्रांचा इतिहास यशाचा नाही, हे कबूल केले पाहिजे. ७ जानेवारी १९५४ रोजी जॉर्जटाऊन विद्यापीठ आणि आय. बी. एम. यांनी न्यूयॉर्क येथे साठांहून अधिक रशियन वाक्यांचे इंग्रजी भाषांतर यंत्राकडून करवून दाखविले. शब्द अडीचशे, नियम सहा; आणि थोड्याच वर्षांत प्रश्न सुटेल अशी आशा. १९६६ साली अमेरिकन तज्ज्ञसमितीच्या अहवालाने ती आशा विझविली. पुढे १९९० च्या सुमारास भाषांतराचे काम संख्याशास्त्राकडे गेले आणि गेल्या दशकात यंत्राच्या शिक्षणपद्धतीत झालेल्या पालटाने हा मार्ग कल्पनेबाहेर यशस्वी झाला.

या यशाला पतंजलीचाच आधार देता येईल. ज्या आह्निकात बृहस्पतीची कथा आहे त्याच आह्निकात त्याने असेही म्हटले आहे की, ज्याला घट हवा तो कुंभाराच्या घरी जातो. पण ज्याला बोलावयाचे तो वैयाकरणाच्या घरी जाऊन शब्द घडवून मागत नाही. शब्द लोकात असतात. आजचे यंत्र वैयाकरणाच्या घरी न जाता लोकाकडे गेले, असे म्हणता येईल. मग दोष कोठे?

दोष ‘लोक’ या शब्दाच्या अर्थात आहे. यंत्राचा लोक म्हणजे लिहिलेला, छापलेला आणि यंत्राच्या हाती लागलेला मजकूर. कोणत्या भाषेचा असा मजकूर किती, हे त्या भाषेच्या सामर्थ्यावर ठरत नाही. या देशात भाषेचे यंत्रवाच्य संग्रह करण्याच्या आरंभीच्या प्रयत्नांत कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठातील दहा लाख शब्दांचा संग्रह प्रसिद्ध आहे. १९७८ च्या मजकुरावरून तयार झालेला तो संग्रह भारतीय इंग्रजीचा होता. भारतीय भाषांचे संग्रह करण्याची शासकीय योजना १९९१ नंतर आकाराला आली. वाक्यसंबंध हाताने लावून ठेवलेला जो मराठी संग्रह पूर्वोक्त आंतरराष्ट्रीय पद्धतीत प्रथम सिद्ध झाला, त्यात पाचशेही वाक्ये नाहीत. आणि ही स्थिती प्रमाण मराठीची. मालवणी, अहिराणी, वऱ्हाडी यांचे बोल, तंजावरच्या मराठी घरांतील बोली, यांचा लिखित अंश यंत्राच्या दृष्टीने जवळजवळ शून्यच.

ज्या भाषेजवळ मजकूर विपुल आहे तिला व्याकरण ही चैन वाटू शकते. ज्या बोलीजवळ तो नाही तिच्यासाठी व्याकरण हाच एकमेव संक्षेप आहे. थोड्या उदाहरणांवरून सामान्य नियम काढणे आणि न ऐकलेले रूपही त्या नियमाने ओळखणे, हे पतंजलीने सांगितलेले लाघव या भाषांच्या संदर्भात पांडित्याचा विषय राहत नाही. तो जगण्याचा प्रश्न होतो.

दुसरी गोष्ट साहित्याशी अधिक जवळची आहे. संख्येवर चालणारे यंत्र अधिक वेळा येणाऱ्याकडे झुकते. अपवाद त्याच्या लेखी क्षीण होत जातो. व्याकरणाने मात्र अपवादाला नियमाहून प्रबळ मानले. जेथे विशेष सांगितले आहे तेथे सामान्याने मागे सरावे, हा त्याचा पहिला न्याय. लेखकाचे काम या न्यायाने चालते. रूढ अन्वय मोडून कवी जेव्हा एखादे पद अनपेक्षित विभक्तीत ठेवतो, तेव्हा तो विशेष विवक्षा प्रकट करीत असतो. यंत्र लक्षावधी लेखनांच्या दुरुस्तीचे आणि भाषांतराचे माध्यम झाले असता, जे विरळ ते चुकीचे, असा अलिखित दंडक रुजण्याचा धोका आहे. तो कोणत्याही अकादमीने केलेला नसल्याने त्याच्याविरुद्ध दाद मागण्यासही जागा राहणार नाही.

या दृष्टीने ‘अनुसारक’ या साधनामागचे तत्त्व पुन्हा विचारात घेण्यासारखे आहे. तेलुगू, कन्नड, बंगाली, पंजाबी आणि मराठी या भाषांतील मजकूर हिंदी वाचकाला उपलब्ध करून देण्यासाठी अक्षर भारतीच्या मंडळींनी ते रचले. मूळ वाक्यातील माहिती न गमावता ती हिंदीच्या वेषात मांडावी, जेथे मूळ संदिग्ध तेथे संदिग्धता राहू द्यावी, आणि उरलेला निर्णय वाचकाच्या योग्यताज्ञानावर सोपवावा, असे त्याचे धोरण होते. परिणामी त्याची हिंदी खडबडीत झाली आणि ते लोकप्रिय होऊ शकले नाही. परंतु यंत्राने कोठे थांबावे आणि वाचकाने कोठून आरंभ करावा याची रेषा त्यात प्रामाणिकपणे आखलेली होती. आजची यंत्रे गुळगुळीत वाक्य देतात आणि ती रेषा झाकून टाकतात. ‘पोथी वाचली’ याचे एक सफाईदार भाषांतर वाचकाच्या हाती येते. दुसरा अर्थ संभवत होता ही खूणही उरत नाही.

व्याकरणाचे प्रयोजन उरले आहे ते या खुणेपाशी. बृहस्पतीने शब्द सांगितले. पण इंद्राने त्यांतून काय म्हणावयाचे, हे त्याने सांगितल्याचे कथेत नाही. शब्दांचा पाठ कितीही वाढला तरी विवक्षा वक्त्याचीच राहते, आणि रूपावरून तिच्याकडे परत जाण्याच्या किती वाटा आहेत हे दाखविणे हे वैयाकरणाचे काम राहते. वाट निवडण्याचे काम वाचकाचे. पोथी वाचली ती पुरातून की रात्रभराच्या जागरणात, हे ठरविताना पूर आणि जागरण या दोहोंची ओळख असणारा कोणीतरी त्या वाक्यापुढे बसलेला असावा लागतो.